आधी भूमिका, मग तत्कार

परीक्षेचे फॉर्म भरायचे दिवस आले की माझ्या वर्गातली एखादी नवी आई हमखास विचारते, "बाई, नागपूरच्या, इंदूरच्या मुलीसुद्धा हीच परीक्षा देतात म्हणे. मग मंडळाचं कार्यालय आपल्या मिरजेत कसं काय हो?" मग मी तिला बसवून सांगते. विष्णु दिगंबर पलुस्कर मिरजेत बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे गाणं शिकले. १९०१ साली त्यांनी लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं. १९३१ साली ते गेले, तेही मिरजेतच. त्याच वर्षी त्यांच्या शिष्यांनी अखिल भारतीय गांधर्व महाविद्यालय मंडळ उभं केलं. गाण्या-वाजवण्याच्या परीक्षांना पुढे नृत्याच्या जोडल्या गेल्या. आज प्रारंभिकपासून अलंकारपर्यंत कथक, भरतनाट्यम देणाऱ्या मुलींच्या प्रमाणपत्रांशी आमच्या गावाचं नाव बांधलेलं आहे.

गंमत अशी की नाच मिरजेत नव्हताच. गाणं होतं. अब्दुल करीम खाँसाहेब इथे राहिले, १९३७ साली प्रवासात गेले आणि ख्वाजा मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात विसावले. त्यांच्या नावानं उरुसात गाणाऱ्यांची हजेरी लागते ती अजून. वाद्यं तर काय, सतारमेकर गल्लीत पिढ्यानपिढ्या तंबोरे होतात. शस्त्रं बनवणारी घराणी गेल्याच्या गेल्या शतकात भोपळ्याकडे वळली आणि पंढरपूर-मंगळवेढ्याकडचा भोपळा इथे येऊन तंबोरा होऊन देशभर जाऊ लागला. एवढ्या सगळ्यात पायाला काम नाही. मी वर्ग सुरू केला तेव्हा तंबोरा पाच मिनिटांवर मिळत होता आणि घुंगरू मात्र पुण्याहून आणावे लागत होते.

नाच होता तो वेशीबाहेर. तालुक्यातलंच कवलापूर, काळू-बाळूंच्या तमाशाचं. वाळव्याकडचं रेठरे हरणाक्ष, पठ्ठे बापूरावांचं. जत्रा आली की कनात लागायची, ढोलकी वाजायची, आणि घरच्या बायका त्या रात्री दाराला कडी लावून घ्यायच्या. पुरुष जायचे. सकाळी कुणी काही विचारायचं नाही. माझी आजी म्हणायची, "पोरी, नाचायचं असलं तर भोंडल्यात नाच. त्याच्यापुढं पाऊल टाकू नगंस."

मग १९७० नंतर, मी पुण्याहून शिकून आल्यावर, मिरजेच्या बामणआळीपासून गुरुवार पेठेपर्यंतच्या आयांनी आपापल्या मुली माझ्याकडे पाठवल्या त्या कशाच्या जोरावर? शास्त्रीय नृत्याचं पुनरुज्जीवन, १९५३ साली दिल्लीत स्थापन झालेली संगीत नाटक अकादमी, पुण्यात रोहिणी भाट्यांनी १९४७ साली काढलेली नृत्यभारती, ही सगळी कारणं खरी आहेत आणि परीक्षेच्या पेपरात मुलींनी तीच लिहावीत. पण आया मला जे सांगायच्या ते वेगळं होतं. त्या म्हणायच्या, "'झनक झनक'मधल्यासारखं शिकवाल ना?"

म्हणजे त्या चित्रपटातल्या संध्याबाई. विजया देशमुख हे त्यांचं मूळ नाव. नर्तकी पडद्यावर गेली, अशा गोष्टी जगात पुष्कळ आहेत. संध्याबाईंची गोष्ट उलट्या दिशेनं चालते: त्या पडद्यावर गेल्या आणि तिथे नर्तकी झाल्या. आधी भूमिका मिळाली, मग तत्कार शिकल्या. आमच्या क्षेत्रातली जाणकार मंडळी त्यांना अजून नाकं मुरडतात. मीही काही काळ मुरडलं. पण त्या नाचाची मुळं शोधत गेलं तर ती मला बनारसच्या आधी मिरजेत सापडतात, म्हणून हा प्रपंच.

१९०५ साल. भाऊराव कोल्हटकर जाऊन चार वर्षं झाली होती आणि किर्लोस्कर नाटक मंडळीला नायिका मिळत नव्हती. नारायण राजहंस नावाच्या गाणाऱ्या मुलाला शाहू महाराजांनी कानाच्या दुखण्यावर इलाज करायला मिरजेच्या मिशन हॉस्पिटलात पाठवलं होतं. डॉक्टर वानलेसांनी ते १८९४ साली सुरू केलेलं. मंडळीचा मुक्कामही मिरजेत. तो मुलगा मंडळीत आला आणि सतराव्या वर्षी मिरजेच्या रंगभूमीवर शकुंतला म्हणून उभा राहिला. आज त्या जागी बालगंधर्व नाट्यमंदिर आहे. माझ्या शिष्यांचे कार्यक्रम तिथेच होतात, आणि विंगेत उभी राहिले की मला दर वेळी वाटतं, या फळीनं बाईची चाल आधी एका पुरुषाकडून पाहिली.

बालगंधर्व नाचत नसत. संगीत नाटकात नाच जवळजवळ नव्हताच. तो तमाशाचा, कलावंतिणीचा, म्हणून पांढरपेशा नाटकवाल्यांनी मुद्दाम लांब ठेवलेला. पण पदर कसा सावरायचा, मान किती कलवायची, पाऊल टाकताना निऱ्या कशा उचलायच्या, हे सगळं बसवलेलं होतं. त्यांच्या साड्या-शालूंची नक्कल घराघरांत होत होती. अभिनयाचं हे अंग नृत्याच्या शेजारचंच आहे. कथकात आम्ही 'गतनिकास' शिकवतो, म्हणजे घुंगट, मोरमुकुट, पनघट अशा चाली. एका चालीतून अख्खी व्यक्ती उभी करायची. गंधर्वांकडे गतनिकास होता. फक्त ठेका नव्हता.

त्यांच्या गंधर्व नाटक मंडळीत १९१४च्या सुमारास कोल्हापूरचा एक पोरगा काही काळ उमेदवारी करून गेला. शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम. पुढे तो बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत गेला. तिथेही नाचाचा प्रश्न तोच होता, बाई मिळत नाही. १९२४च्या 'कल्याण खजिना'त नाचणारी म्हणून उभे राहिले मास्टर विठ्ठल, जे पुढे १९३१ साली 'आलम आरा' या पहिल्या बोलपटाचे नायक झाले. म्हणजे कोल्हापूरच्या पडद्यावरची ही नर्तकीसुद्धा पुरुषच. १९३५ साली व्ही. शांतारामांनी प्रभातच्या 'धर्मात्मा'त खुद्द बालगंधर्वांना घेतलं, तेही पुरुषवेषात, संत एकनाथ म्हणून. पाहणाऱ्यांना ते रुचलं नाही असं माझे आजोबा सांगत. त्यांना मिरजेची शकुंतला आठवत होती आणि पडद्यावर दाढीतला एकनाथ दिसत होता.

शांतारामांना मात्र शकुंतला सुटली नाही. १९४२ साली राजकमल कलामंदिर काढल्यावर पहिलं चित्र केलं ते 'शकुंतला', जयश्रीबाईंना घेऊन. १९६१ साली पुन्हा तीच कथा, 'स्त्री' या नावानं, रंगीत, या खेपेला संध्याबाई. एका दिग्दर्शकानं एक नायिका दोनदा करावी, तीही नाटक मंडळीत लहानपणी पाहिलेली, याला मी योगायोग मानत नाही. शांतारामांच्या नाचाच्या चौकटी पाहा. मधोमध बाई, दोन्ही बाजूंना कमानी, मागे रंगवलेला पडदा शोभेल असं आकाश. हा थाट संगीत नाटकाचा आहे. पडदा वर जातो आणि मंगलाचरणाला सगळे मांडून उभे असतात, तसा.

पण त्या थाटात नाचणारी हवी होती, आणि इथे जगाकडे जरा पाहायला हवं.

१९४८ साली विलायतेत 'द रेड शूज' निघाला. त्यातली मोइरा शिअरर लंडनच्या सॅडलर्स वेल्स बॅलेची तयार नर्तकी होती. चित्रपटाच्या पोटात सुमारे पंधरा मिनिटांचा आख्खा बॅले आहे, तो पेलायला तयार पायच लागले. त्याच वर्षी आपल्याकडे उदय शंकरांचा 'कल्पना' आला, तोही त्यांच्या अल्मोड्याच्या केंद्रात घडलेल्या कलावंतांच्या जोरावर. या केंद्रात जोहरा सेहगल शिकवायच्या. सहारनपूरच्या पठाण घरातली ही मुलगी, जन्म १९१२चा. जर्मनीत ड्रेस्डेनला मेरी विगमनच्या शाळेत तीन वर्षं आधुनिक नृत्य शिकली, १९३५ साली उदय शंकरांच्या ताफ्यात आली आणि जपान, इजिप्त, युरोप, अमेरिका नाचत फिरली. फाळणीच्या आधी मुंबईत येऊन पृथ्वी थिएटरमध्ये चौदा वर्षं, नट म्हणून आणि नृत्यं बसवणारी म्हणूनही. 'बाजी'ची नृत्यं त्यांनी बसवलेली. आणि पडदा त्यांना खऱ्या अर्थानं कधी मिळाला? १९८४च्या 'द ज्युएल इन द क्राउन' या मालिकेनंतर, सत्तरी ओलांडल्यावर. 'दिल से', 'हम दिल दे चुके सनम', 'चीनी कम' मधली ती खट्याळ म्हातारी म्हणून माझ्या विद्यार्थिनींना त्या माहीत आहेत. १०२ वर्षं जगल्या. शरीर नाचात मुरलेलं असलं की म्हातारपणी नुसती भुवई उचलली तरी ती समेवर पडते. हे त्यांच्याकडे बघून कळतं, आणि मी वर्गात ते दाखवते.

जोहराबाईंचा क्रम मला शहाणा वाटतो. आधी अंग तयार, मग पडदा. मराठी मुलुखात मात्र अशी तयार मुलगी दुर्मिळ. मॅडम मेनकांची शाळा खंडाळ्यात होती. त्यांचा ताफा १९३६ साली बर्लिनला ऑलिंपिकच्या वेळच्या नृत्यस्पर्धेत नाचला आणि त्यात लहानगी दमयंती जोशी होती. पण दमयंतीबाई रंगमंचाच्या राहिल्या. मालवणच्या पार्वतीकुमारांनी मुंबईत 'देख तेरी बंबई'सारखे बॅले बसवले. तेही पडद्यापुढे फार आले नाहीत. सितारादेवींनी दोन्ही केलं, पण त्या बनारसच्या कथक घराण्यातल्या. मराठी घरातून पडद्यावर नाचणारी बाई म्हणजे एक तर तमाशाच्या ढंगाची, नाही तर समूहनृत्यात मागच्या रांगेत उभी असलेली. जयश्री गडकर अशा समूहातूनच पुढे आल्या.

१९५१ साली शांतारामांनी 'अमर भूपाळी' केला, होनाजी बाळावर. नव्या चेहऱ्यांसाठी वर्तमानपत्रात जाहिरात दिली, तिच्यातून विजया देशमुख आल्या. वडील नाटकाच्या धंद्यातले, बहीण वत्सला देशमुख नटी. नाव ठेवलं संध्या, भूमिका दिली गुणवतीची, म्हणजे तमासगीर बाईची. लक्षात घ्या, सुरुवात लावणीपासून. तेव्हा त्यांना शास्त्रीय नृत्य येत नव्हतं.

चार वर्षांनी 'झनक झनक पायल बाजे'. नृत्याला वाहिलेलं चित्र, टेक्निकलरमध्ये, वसंत देसाईंचं संगीत, शीर्षकगीताला उस्ताद अमीर खाँसाहेब. केसकर माहितीमंत्री असताना आकाशवाणीनं सिनेमाची गाणी बंद केली होती, तो हा काळ. अशा वेळी खाँसाहेबांचा अडाणा सिनेमागृहात वाजवायचा म्हणजे शांतारामांनी दिलेलं उत्तरच होतं ते. नायक गोपीकृष्ण, बनारस घराण्याचे, सितारादेवींचे भाचे, वय जेमतेम विशीचं. आणि त्यांच्यासमोर नायिका म्हणून जिनं कथक कधी केलेलं नाही ती बाई.

मी सातव्या-आठव्या वर्षी मुली घेते. विशीतली मुलगी आली की सांगते, हौसेसाठी ये, विशारद विसर. कारण नुसतं सरळ उभं राहायलाच एक वर्ष जातं. गुडघा ना वाकलेला ना कडक, वजन दोन्ही टाचांवर सारखं, आणि पंजा जमिनीला सपाट. ता थेई थेई तत, एवढंच महिनोन्महिने, ठाय लयीत. मग दुगुन, मग चौगुन. पोटऱ्या फुगतात, टाचा फुटतात, रात्री झोपेत पाय हलतात. गोपीकृष्णांनी संध्याबाईंना हे विशीत शिकवलं, आणि तेही कॅमेऱ्याची तारीख डोक्यावर ठेवून. हे ज्याला क्षुल्लक वाटतं त्यानं एकदा घरच्या फरशीवर पाच मिनिटं तत्कार करून पाहावा.

कथेतही तेच ठेवलं होतं. नीला नाचते, मंगल महाराज तिच्या नाचाची टर उडवतात, आणि मग ती त्यांचीच शिष्या व्हायला येते. केशवराव दाते ते महाराज. चित्रातली नीला जे शिकत होती ते पडद्यामागची बाईही शिकत होती. म्हणून सुरुवातीच्या नाचातला कच्चेपणा आणि शेवटच्या शिवपार्वतीतली तयारी, दोन्हीचं मला कौतुक आहे. दुसरं खरं आहेच. पण पहिलंही खरं आहे.

दोष सांगायचे तर सांगते. मान फार वेळावतात. भुवया आणि डोळे एकाच वेळी, सगळ्या ताकदीनं. आमच्याकडे आधी नजर जाते, मग मान, मग हात. चक्कर घेताना खांदा उचलला जातो. गोपीकृष्णांच्या शेजारी त्या उभ्या राहिल्या की फरक कळतो. ते तिहाई घेऊन समेवर येतात आणि थांबतात, त्या येतात आणि पोझ घेतात. थांबणं आणि पोझ घेणं यांच्यामधला जो अंश आहे तो दहा वर्षांच्या रियाजानं येतो. शिवाय कॅमेरा तुकड्यातुकड्यांत घेतो. एकवीस चक्करं सलग घेऊन समेवर उभं राहायचं असलं तर तोल स्वतःच्या अंगातून काढावा लागतो. सिनेमात तो कात्रीतूनही काढता येतो. हे मी मुलींना सांगते, कारण त्या फोनवर तुकडे बघतात आणि तसंच करायला जातात.

पण माझ्या पिढीतल्या कितीतरी शिक्षिकांनी या दोषांच्या नावाखाली बाईंचं सगळंच नाकारलं, ते चूक होतं. १९५५ आधी सांगली-मिरजेत 'नाचते' हा शब्द मुलीच्या आईला शिवी होता. या चित्रात देवळातला गुरू आहे, व्रत आहे, उपास आहे, त्याग आहे. नाचणारी मुलगी शेवटपर्यंत सोवळी राहते. मला स्वतःला हे सगळं आज जरा गोड-गोड वाटतं. त्या वेळी मात्र माझ्या आजीनंसुद्धा ते मिरजेच्या टॉकीजला बसून पाहिलं, आणि बाहेर आल्यावर म्हणाली, "हे तर पूजा केल्यासारखं हाय की." माझा पुढचा रस्ता त्या एका वाक्यानं मोकळा झाला.

त्यानंतर शांतारामांनी बाईंच्या पायांतले घुंगरू काढले आणि 'दो आँखें बारह हाथ'मध्ये चंपा केली, खेळणी विकणारी. कथा ग. दि. माडगूळकरांची, तेही आमच्याच जिल्ह्यातले, आटपाडीकडचे. आणि कथेचं बीजही आटपाडीजवळचं: औंध संस्थानच्या पंतप्रतिनिधींनी १९३९ साली मॉरिस फ्रीडमनच्या साथीनं कैद्यांसाठी काढलेली स्वतंत्रपूरची मोकळी वसाहत. १९५८ साली बर्लिनला या चित्राला रौप्य अस्वल मिळालं. माझ्या मते संध्याबाईंचा सगळ्यात चांगला अभिनय हाच. चंपा चालत येते तेव्हा पाय तालात पडतात, आणि ती नाचत नाही. तत्कार अंगात मुरल्यावर तो लपवता यायला हवा. इथे तो लपला आहे.

१९५९च्या 'नवरंग'मध्ये मात्र काहीच लपवलेलं नाही. होळीच्या गाण्यात त्या एकट्याच बाई आणि पुरुष दोन्ही होतात, समोरून स्त्री आणि पाठीमागून मुखवटा घातलेला गडी. क्षणात वळतात आणि देहबोली बदलते. कथकात आम्ही हेच 'पलटा' घेऊन करतो: डावीकडे राधा, वळलं की उजवीकडे कृष्ण. शांतारामांनी त्याला पोशाख चढवला. पण मला दिसतं ते आणखी जुनं. ज्या दिग्दर्शकानं बालवयात पुरुषाला स्त्री होताना विंगेतून रोज पाहिलं, त्यानंच पंचेचाळीस वर्षांनी एका स्त्रीच्या पाठीवर पुरुष बसवला. त्याच चित्रात डोक्यावर घागरींची उतरंड घेऊन नाचणंही आहे. त्याला मी कसरत म्हणते. लोकांना तेच आवडलं.

मग 'सेहरा', 'लडकी सह्याद्री की', आणि १९७१चा 'जल बिन मछली नृत्य बिन बिजली', ज्यात नृत्य नावातच आलं. मासोळीसारखं जमिनीवर तडफडणारं नृत्य त्यातलंच; मुलींना ते भयंकर आवडतं, मी करू देत नाही. या चित्रांवर अधिक बोलण्यासारखं मला काही सापडत नाही. दिग्दर्शकाचा हात सुटत चालला होता आणि बाई त्याच्या प्रत्येक कल्पनेला अंग देत होत्या, एवढंच.

आणि मग १९७२ साली 'पिंजरा'. जर्मनीतला १९३०चा 'द ब्ल्यू एंजल' म्हणजे मार्लेन डिट्रिचचा चित्रपट. त्यातला मास्तर आपल्या मातीत आणून तमाशाच्या फडात सोडला. कथा अनंत माने यांची, पटकथा शंकर पाटलांची, गाणी जगदीश खेबुडकरांची, डॉक्टर श्रीराम लागूंचं हे पहिलं चित्र. आणि संगीत राम कदमांचं, जे मिरजेत जन्मलेले. प्रभातमध्ये पडेल ते काम करत ते संगीतकारापर्यंत पोचले होते आणि वसंत पवारांच्या जोडीनं लावणीची ढोलकी त्यांच्या हातात पक्की बसली होती. ज्या गावात नाच वेशीबाहेर होता, त्याच गावच्या माणसानं मराठी पडद्याला त्याच्या सगळ्यात गाजलेल्या लावण्या दिल्या. मिरजेनं याचा जितका गाजावाजा करायला हवा होता तितका केला नाही. तंबोऱ्याचा करतो, खाँसाहेबांचा करतो. ढोलकीचा करताना अजून जीभ अडखळते.

'पिंजरा'त संध्याबाई चंद्रकला. पहिल्या चित्रात तमासगीर होत्या, वीस वर्षांनी पुन्हा तमासगीर, मध्ये कथकाचं सगळं प्रकरण. त्याचा परिणाम दिसतो. अस्सल फडावरच्या बाईचं वजन खाली असतं, कमरेत. किलोकिलोंचे चाळ ओढायचे तर तसंच उभं राहावं लागतं. संध्याबाई वर उचललेल्या वाटतात, छातीतून नाचतात, तो कथकाचा ठसा. हात मात्र लावणीचे, पदर लावणीचा. फडावरच्या एका वयस्क बाईंना मी एकदा विचारलं होतं, कशी वाटते तुम्हाला? त्या म्हणाल्या, "नाचते ब्येस, पर प्रेक्षकाकडं बघत न्हाई, क्यामेऱ्याकडं बघते." परीक्षक म्हणून मी कित्येक पानं लिहिली असतील, इतकं नेमकं एकदाही लिहिलं नाही.

माझा वर्ग सुरू झाला तो याच सुमाराला. पुणे-मिरज लाइन नुकतीच ब्रॉडगेज झाली होती आणि मी रविवारी पुण्याला शिकायला जाऊन सोमवारी सकाळी गाडीनं परत येत असे. पहिल्या वर्षी आलेल्या मुलींपैकी निम्म्यांच्या आयांना 'झनक झनक' हवं होतं आणि निम्म्या मुलींना गुपचूप 'पिंजरा'. मी दोघींनाही ठाय लयीतला तत्कार दिला. ज्या टिकल्या त्यांतल्या काही आज कराड, इस्लामपूर, इचलकरंजीत स्वतःचे वर्ग चालवतात. गॅदरिंगला लावणी बसवतात आणि तिला नाक मुरडत नाहीत.

संध्याबाईंचं शेवटचं नाव घेण्याजोगं चित्र १९७५चं, 'चंदनाची चोळी अंग अंग जाळी', त्यांची भाची रंजना हिचं ज्यातून आगमन झालं ते. त्यानंतर त्यांनी काम थांबवलं आणि २०२५च्या ऑक्टोबरात मुंबईत त्या गेल्या. बातम्यांत सगळीकडे 'व्ही. शांताराम यांच्या पत्नी' असंच आधी आलं. ते खरं आहे, १९५६ साली लग्न झालं होतं. पण नाच शिकण्याचं श्रेय त्यामुळे दिग्दर्शकाच्या खात्यात जमा होतं. जोहरा सेहगलांनी स्वतःबद्दल स्वतः लिहून ठेवलं, हंसा वाडकरांनी सांगून ठेवलं. संध्याबाईंच्या बाबतीत आपल्या हातात आहे ते शांतारामांचं आत्मचरित्र 'शांतारामा', म्हणजे शिकवून घेणाऱ्याची बाजू.

मला शिकणारीची हवी होती. कधी गाठ पडली असती तर मी पुरस्कारांचं, बर्लिनचं, रंगीत फिल्मचं काही विचारलं नसतं. गोपीकृष्णांनी पहिल्या दिवशी कुठला बोल दिला? घुंगरू एका पायात किती बांधले, शंभर की पन्नास? चक्करला डोकं फिरायचं तेव्हा नजर कुठे ठेवायला सांगितली होती? कॅमेरा सुरू झाल्यावर सम चुकली असं त्यांना स्वतःला किती वेळा कळलं, आणि दिग्दर्शकाला न कळता तो तुकडा तसाच राहिला असं झालं का कधी? आणि 'पिंजरा'च्या वेळी घुंगरू सोडून चाळ बांधले तेव्हा वजन छातीतून कमरेत उतरवायला कुणी शिकवलं, की तिथवर आल्यावर शिकवणारं कुणी नव्हतंच?